मधल्या नावातली मिएलिक्की

फिनलंडमध्ये, हेलसिंकीला लागून असलेल्या एस्पो शहरात राहायचं तर तापिओला टाळता येत नाही. मेट्रोचं स्टेशन तापिओला, बाजाराचा चौक तापिओला, पोहण्याचा तलाव तापिओला. १९५० च्या दशकात हेलसिंकीच्या पश्चिमेला पाइन आणि भूर्जाच्या रानात एक उद्याननगरी वसवायला घेतली, १९५३ मध्ये तिच्या नावासाठी स्पर्धा झाली आणि हे नाव निवडलं गेलं. तापिओ हा फिनलंडच्या जुन्या लोकश्रद्धेतला अरण्याचा देव. त्याच्यापुढे ‘ला’ लावला की त्याचं घर, त्याचा मुलूख. सिबेलिउसनं १९२६ मध्ये लिहिलेल्या त्याच्या अखेरच्या मोठ्या वाद्यवृंदरचनेचं नावही तापिओलाच. याच नावाची एक विमा कंपनी बरीच वर्षं होती. दुसरीत विलीन झाल्यावरही तिनं तापिओचं नाव सोडलं नाही. ऑफिसातल्या पुरुष सहकाऱ्यांची पूर्ण नावं कधी एका यादीत पाहिलीत तर मधल्या जागी तापिओ पुन्हा पुन्हा भेटेल. एखाद्या जुन्या देवाची इतकी सोय लावून दिलेली मी फार कमी पाहिली आहे.

या तापिओला बायको होती, हे मला कळायला मात्र वाचनालयात जावं लागलं.

इथल्या वाचनालयांत ‘किएलिकाह्विला’ भरते. भाषेचं कॉफीगृह म्हणा. आठवड्यातून एकदा टेबलाभोवती बसायचं, कॉफी प्यायची आणि मोडकंतोडकं फिनिश बोलायचं. समोर शिकवायला कोणी नसतं. गप्पा मारायला निवृत्त मंडळी हौसेनं येतात. आमच्या टेबलावर येणाऱ्या एक ऐंशीच्या घरातल्या. फिनलंडमध्ये सगळे सगळ्यांना पहिल्या नावानं आणि एकेरीतच बोलवतात, डॉक्टरलाही आणि शेजारच्या आजींनाही. मला ते अजून जमत नाही. तोंडानं मी त्यांचं नाव घेते, पण मनात त्यांना ‘बाई’ म्हणते, आणि इथंही तेच म्हणेन.

त्या दिवशी विषय होता नावांचा. प्रत्येकानं आपलं पूर्ण नाव कागदावर लिहायचं आणि अर्थ सांगायचा. बाईंनी स्वतःचं लिहिलं. पहिलं नाव अगदी रोजचं, त्यापुढे मिएलिक्की, मग आडनाव. मधल्या नावावर बोट ठेवून म्हणाल्या, ‘हे पासपोर्टासाठी आणि दफनविधीसाठी. एरवी वापरत नाही.’ टेबलावर मदतीला बसलेला एक फिनिश विद्यार्थी हसला. त्याला ते नाव माहीत होतं, पण त्या नावाची एकही जिवंत बाई त्यानं आजवर पाहिली नव्हती.

मिएलिक्की म्हणजे कोण, हे विचारल्यावर बाई म्हणाल्या, ‘मेत्सॅन एमॅन्तॅ.’ अरण्याची मालकीण. शब्दशः, घरधनीण. शेतावरच्या घरात जी बाई सगळा कारभार बघते, गडीमाणसांना जेवू घालते, कोठाराचा हिशेब ठेवते, ती एमॅन्तॅ. आजही एखाद्या समारंभात स्वयंपाकघर सांभाळणाऱ्या प्रमुख बाईला इथं हाच शब्द वापरतात. म्हणजे तापिओ अरण्याचा राजा, आणि घर चालवणारी ही.

नावाचा अर्थ शोधायला फार खोल जावं लागत नाही. ‘मिएली’ म्हणजे मन. मराठीतल्या मनासारखाच हा शब्द फिनिशमध्ये वाट्टेल तिथं शिरतो. मत म्हणजे मिएलिपिदे, कल्पनाशक्ती म्हणजे मिएलिकुवितुस, आवडीचा पदार्थ म्हणजे मिएलिरुओका. कोणी कॉफी विचारली तर ‘आनंदानं’ या अर्थी मिएलेल्लॅन म्हणायचं. शेवटचा ‘क्की’ हा लाडाचा प्रत्यय. वारा म्हणजे तूली, त्यावरून तापिओच्या मुलीचं नाव तूलिक्की. क्युल्लिक्की, आन्निक्की याच घडणीच्या. मराठी जिभेला हे नाव सोपं जातं, कारण ‘पक्की’ आणि ‘चक्की’ म्हणणाऱ्याला ‘क्की’चं भय नसतं. आमच्या टेबलावरच्या एका इंग्लिश माणसाचा मात्र शेवटपर्यंत ‘मिलिकी’ होत राहिला.

गंमत अशी की हाच ‘क्की’ फिनलंडमध्ये गाईंच्या नावांतही असतो. मान्सिक्की आणि मूरिक्की ही इथल्या गाईंची अगदी ठरलेली नावं, आपल्याकडच्या कपिलेसारखी. ‘कालेवाला’ या महाकाव्यात लेम्मिन्कॅइनेन नावाचा एक छानछोकी तरुण क्युल्लिक्कीला पळवून नेतो. ती रडत म्हणते, तुझ्या घरी एक गायसुद्धा नाही. तो सांगतो, आहेत की! दलदलीत मूरिक्की आहे, टेकडीवर मान्सिक्की आहे, जळित रानात पुओलुक्का आहे. या तिन्ही रानातल्या बेरी. चाराही नको, राखणही नको. थापा मारण्यात त्याचा हात कोणी धरणार नाही.

मुलांच्या नावांच्या याद्यांत मिएलिक्कीपुढे एका ओळीत लिहिलेलं असतं: ‘प्रसन्न, मनपसंत, अरण्याची देवी’. हा अर्थ चुकीचा नाही, पण मला तो अपुरा वाटतो. तो ज्या तोंडांतून आला त्या तोंडांना वगळून दिलेला अर्थ आहे. हे नाव ज्यांनी घेतलं ते शिकारी होते, त्यांच्या घरी हिवाळ्याला खायला नव्हतं, आणि ते तिची मनधरणी करत होते.

आधी एक जुनी यादी. मिकाएल आग्रिकोला हा फिनिश लिखित भाषेचा जनक मानला जाणारा धर्मसुधारक. १५५१ मध्ये त्यानं बायबलमधल्या स्तोत्रांचा फिनिश अनुवाद छापला आणि प्रस्तावनेत, लोक अजून कोणकोणत्या खोट्या देवांना भजतात त्यांची पद्यात नोंद केली. हेतू निषेधाचा. पण आज फिनिश देवदेवतांवर लिहिणारा प्रत्येक जण त्या निषेधाचा ऋणी आहे. त्यात पहिल्याच ओळींत तापिओ आहे, तो अरण्यातून शिकार देतो. न्युर्केस आहे, तो खारी देतो. खारी हा चेष्टेचा विषय नव्हता. त्यांच्या कातड्यांवर व्यापार चाले, कर भरला जाई, आणि पैशाला असलेला आजचा फिनिश शब्द ‘राहा’ मुळात फरच्या कातड्याचाच. हा न्युर्केस म्हणजे पुढच्या गीतांत तापिओचा मुलगा म्हणून येणारा न्यूरिक्की. सशांचाही वेगळा देव आहे. बाया आहेत, नाहीत असं नाही. गडगडाटाची बायको राउनी आहे, जाळ्यात मासे लोटणारी पाण्याची आई आहे. नवरा आहे, मुलगा आहे, पण अरण्याच्या मालकिणीचं नाव नाही.

आग्रिकोलाला ती ठाऊकच नव्हती की त्यानं गाळली, या वादात मी पडणार नाही. पण ती गीतांत मात्र भरभरून आहे. एकोणिसाव्या शतकात एलिआस ल्योन्रोत हा कायानी गावचा जिल्हा डॉक्टर फिनलंड-रशियाच्या सीमेवरच्या कारेलिया प्रांतातल्या खेड्यांत भटकून गाणी उतरवून घेत होता. त्यातून १८३५ मध्ये कालेवाला आलं, आणि १८४९ मध्ये त्याची वाढवलेली आवृत्ती, ५० सर्गांची, २२,७९५ ओळींची. त्याच्यानंतरही अनेकांनी गोळा केलेली मूळ गीतं १९०८ ते १९४८ या काळात ३३ जाडजूड खंडांत छापली गेली आणि आता ती सगळी संगणकावर उघडी आहेत. त्यांत शिकारीची मंत्रगीतं वाचत गेलं की ती पावलोपावली भेटते. कधी मिएलिक्की, कधी मिमेर्क्की, कधी नुसतीच ‘अरण्याची मालकीण’. शिकाऱ्याला जे हवं ते बहुतेक वेळा तिच्याकडे मागितलेलं असतं. कोठार तापिओचं, पण त्याच्या सोन्याच्या किल्ल्या तिच्या कमरेच्या कडीला.

कालेवालाच्या चौदाव्या सर्गात ही मागणी साग्रसंगीत आहे. तोच थापाड्या लेम्मिन्कॅइनेन, आता पोह्योला या उत्तरेच्या मुलखातल्या मुलीसाठी पणाला लागलेला, हीसी या रानातल्या दुष्ट शक्तीचं सांबर पकडायला लाकडी स्की बांधून रानात शिरलेला. त्याच्या तोंडी या ओळी आहेत, आणि फिनलंडमध्ये त्या पुष्कळांना पाठ असतात:

मिएल्ल्यु, मेत्सॅ, कोस्तु, कोर्पी,
ताइवु, आइनोइनेन तापिओ!

मन वळू दे, अरण्या. पाझर फुटू दे, घनदाट राना. जरा वाक, लाडक्या तापिओ. यातला ‘मिएल्ल्यु’ म्हणजे ‘मर्जी होऊ दे’. मिएलिक्कीच्या नावातलंच मूळ, इथं क्रियापद होऊन आज्ञार्थात उभं. मला हे नाव कळलं ते इथं. ती मुळातच गोड आहे असं शिकारी म्हणत नाही. तिनं आज गोड व्हावं, असं तो म्हणतो.

तिला उद्देशून पुढे तो जे बोलतो ते आणखी मजेदार आहे. हे काय घालून बसली आहेस? ते गवताचे जोडे फेक. जळित रानातल्या सालींच्या वहाणा झटकून टाक. खळ्यातल्या चिंध्या उतरव, रोजचा सदरा काढ. भाग्याची वस्त्रं घाल, ‘देण्याचा सदरा’ घाल. शब्द अगदी असाच आहे, आन्तिपाइता, ज्या दिवशी द्यायचं असेल त्या दिवशी घालायचा सदरा. म्हणजे शिकार मिळणार की नाही हे मालकिणीनं आज काय नेसलंय यावरून कळायचं. शिकाऱ्यानं तापिओच्या वाड्याच्या खिडकीतून डोकावून बघितलं आणि ती गबाळी दिसली तर रिकाम्या हातानं परत. हातात सोन्याची कांकणं, बोटांत सोन्याच्या अंगठ्या, गळ्यात मोती दिसले, तर आज काहीतरी हाती लागणार.

या सगळ्यात तिच्यासाठी येणारं ठरीव विशेषण आहे ‘तार्क्का’. तापिओलान तार्क्का वाइमो, तापिओच्या घरची तार्क्का बायको. तार्क्का म्हणजे काटेकोर, चोखंदळ, हिशेबाला पक्की. पैशाच्या बाबतीत हाच शब्द आला की अर्थ चिक्कूपणाकडे झुकतो. नावांच्या यादीत ‘प्रसन्न’ म्हणून छापलेली बाई गीतांत काटेकोर आहे, आणि तिच्यापुढे उभा असलेला माणूस तिला प्रसन्न म्हणतो आहे, कारण ती तशी असेलच याची त्याला खात्री नाही. ज्या रोगानं अंग तापून फुटतं त्याच्या देवीला आपण शीतळा म्हणत आलो, ते काही तिचा अनुभव थंड होता म्हणून नव्हे.

बाईंना मी हे माझं म्हणणं बोलून दाखवलं. फिनिश माणूस उत्तर देण्याआधी जेवढा वेळ घेतो तेवढा त्यांनी घेतला, आणि म्हणाल्या, ‘शाळेत कोणी माझी मर्जी सांभाळल्याचं आठवत नाही.’ त्यांच्या वर्गात मधल्या नावांत तूलिक्की, आन्निक्की, क्युल्लिक्की भरपूर होत्या, मिएलिक्की त्या एकट्याच. त्यांची आई कारेलियातली. १९४४ मध्ये तो प्रदेश सोव्हिएत रशियाकडे गेला आणि चार लाखांवर माणसं गाठोडी घेऊन पश्चिमेला आली, त्यांतली एक. मुलीला हे नाव का दिलं, हे आईनं कधी सांगितलं नाही आणि बाईंनी विचारलं नाही. आम्ही मराठी माणसं असतो तर यावर निदान तीन परस्परविरोधी कहाण्या घरात फिरत असत्या.

मुलीला असं नाव देता येणं हीसुद्धा तशी नवी गोष्ट. शतकानुशतकं इथल्या मुलीची नोंद चर्चच्या वहीत व्हायची, तीही स्वीडिश वळणानं. वहीत मारिआ, घरात मैया. वहीत हेलेना, घरात लेना. पाद्री कोणा मुलीचा मिएलिक्की म्हणून बाप्तिस्मा करणं शक्यच नव्हतं. ती तर त्याच्या लेखी मूर्तिपूजकांची देवता. मग एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात फिनिश भाषेचा अभिमान जागा झाला आणि नावांचं वारं फिरलं. १९०६ च्या मे महिन्यात, स्नेलमान या विचारवंताच्या जन्मशताब्दीला, हजारो लोकांनी आपली स्वीडिश आडनावं टाकून फिनिश आडनावं घेतली. चित्रकार आक्सेल गालेन दुसऱ्या वर्षी आक्सेली गालेन-काल्लेला झाला. १९०८ मध्ये फिनिश पंचांगातल्या नामदिनांची यादी नव्यानं केली, त्यात फिनिश नावांना मोठ्या संख्येनं जागा मिळाली. इथं प्रत्येक नावाला पंचांगात एक दिवस असतो आणि त्या दिवशी त्या नावाच्या माणसाला शुभेच्छा देतात, केक आणतात. पंचांगात जागा मिळणं म्हणजे नावाला समाजात खुर्ची मिळणं.

त्या लाटेत सगळ्यांत वर गेलं ते आइनो, आणि त्याची जन्मकथा मिएलिक्कीच्या अगदी उलट आहे. लोकांच्या गाण्यात आइनो नावाची मुलगी नव्हतीच. ‘आइनो’ म्हणजे एकुलती, लाडकी. गाण्यात ‘आइनो बहीण’, ‘आइनो पोर’ असं विशेषण यायचं. ल्योन्रोतनं १८४९ च्या आवृत्तीत त्या विशेषणाचं विशेषनाम केलं आणि त्या पोरीला एक गोष्ट दिली. भाऊ योउकाहाइनेन हा कालेवालाचा म्हातारा गायक-नायक वॅइनॅमोइनेन याच्याशी गाण्याच्या पैजेत हरतो आणि जीव वाचवायला बहीण देऊन टाकतो. ती म्हाताऱ्याशी लग्न करण्यापेक्षा पाण्यात नाहीशी होते. ज्या लोकगीतावरून हे घेतलं त्यात मुलगी गळफास घेते. ल्योन्रोतनं तिला पाणी दिलं, आणि पाण्यामुळे चित्रकारांची सोय झाली. गालेन-काल्लेलाचं १८९१ चं आइनोचं तीनपदरी चित्र हेलसिंकीच्या आतेनेउम संग्रहालयात आहे.

मला कधीच न सुटलेला प्रश्न हा, की या गोष्टीनंतर इतक्या आईबापांनी मुलींना आइनो नाव कसं ठेवलं? सिबेलिउसची बायको आइनो, १८७१ ची. तिच्या नावावरून त्यांच्या घराचं नाव आइनोला. गायिका आइनो आक्ते, वास्तुकार आइनो आल्तो. विसाव्या शतकाच्या मध्यात हे नाव म्हाताऱ्या बायकांचं झालं आणि शतक सरता सरता पाळणाघरांत परत आलं. माझ्या ओळखीतच दोन आइनो आहेत, दोघी अजून शाळेत. भावानं पैजेत लावलेल्या मुलीचं नाव भराभर फिरलं, आणि जिच्यापुढे पुरुषांना टोपी काढून उभं राहावं लागायचं तिचं नाव मधल्या जागेत जाऊन बसलं. यात काही कट नाही, हे मलाही कळतं. आइनो रोमन लिपीतल्या चार अक्षरांत आटपतं, परदेशी माणसाला म्हणता येतं, आणि आज इथं छोट्या नावांची चलती आहे. हेल्मी म्हणजे मोती, लुमी म्हणजे बर्फ, पिल्वी म्हणजे ढग, पिह्ला ही रोवनच्या झाडावरून. ‘क्की’वाली नावं आजच्या आईबापांना आजीच्या कपाटातली वाटतात. तरी मला राग येतो तो येतोच.

मिएलिक्कीचं खरं रूप पाहायचं तर मात्र सेहेचाळिसाव्या सर्गात जावं लागतं, अस्वलाच्या जन्मापाशी.

अस्वल फिनलंडचा राष्ट्रीय प्राणी. जुने लोक रानात त्याचं खरं नाव घेत नसत. ओत्सो म्हणत, कोन्तिओ म्हणत, मेसिकॅम्मेन म्हणजे मधाळ पंजावाला म्हणत. आज सर्रास चालणारा ‘कार्हू’ हा शब्दसुद्धा खरबरीत केसांवरून पडलेलं टोपणनावच असावं, असं भाषेचे जाणकार सांगतात. त्याला मारल्यावर गावात कार्हुन्पेइयाइसेत हा सोहळा व्हायचा. अर्धा मेजवानी, अर्धा अंत्यविधी. खाऊन झाल्यावर कवटी मिरवत नेऊन पाइनच्या झाडावर टांगायची, म्हणजे अस्वल परत येईल. ही शिष्टाई कालेवालातही आहे. वॅइनॅमोइनेन भाल्यानं अस्वल मारतो आणि लगेच त्याला समजावतो, मी नाही रे मारलं, तूच फांदीवरून घसरलास. मग मेजवानीत तो अस्वलाची जन्मकथा गातो.

आकाशाच्या काठानं एक हवेची मुलगी चालली होती. तिच्या टोपलीतली लोकर तिनं पाण्यात टाकली. वाऱ्यानं ती झुलवली, लाटांनी किनाऱ्याला आणली. मिएलिक्कीनं ते लोकरीचे पुंजके पाण्यातून उचलले, गुंडाळले, मेपलच्या टोपलीत, सुरेखशा पाळण्यात ठेवले, सोन्याच्या साखळ्यांनी पाळणा सर्वांत दाट फांदीला टांगला, आणि फुललेल्या स्प्रूसच्या झाडाखाली त्याला झोके दिले. त्या लोकरीचं अस्वल झालं. आखूड पाय, वाकडे गुडघे, बसकं नाक, रुंद डोकं, अंगावर देखणी लव. सगळं झालं, पण त्याला दात नव्हते आणि नखं नव्हती.

इथं थांबून मिएलिक्की जे म्हणते ते असं: नखं मी याला देईन, दातही शोधून आणीन, पण यानं कोणाचं वाईट करता कामा नये. आणि ती अस्वलाकडून शपथ घेते. अस्वल तिच्या गुडघ्यांवर बसून शपथ घेतं. मग ती बाई दात शोधायला निघते. चिवट रोवनच्या झाडांत बघते, राठ जुनिपरमध्ये बघते, गुंतलेल्या मुळांत बघते. कुठंच दातासारखं काही नाही. शेवटी माळावर एक पाइन आणि टेकडीवर एक स्प्रूस सापडतं. पाइनला चांदीची फांदी, स्प्रूसला सोन्याची. त्या फांद्या मोडून ती अस्वलाच्या जबड्यात आणि पंजांत बसवते आणि त्याला दलदलीत, झुडपांत, माळावर मोकळं सोडते.

मला या गोष्टीत सर्वांत आवडतो तो मधला शोध. दात कशाचे असावेत यावर एखादी देवी इतकी वणवण करते! तिनं नुसतं म्हटलं आणि झालं, असं नाही. झाडामागून झाड तपासून, नापसंत करून. तार्क्का म्हणतात ते हेच. आणि दात देण्याआधी अट घालण्याची बुद्धीही तिचीच. ही गोष्ट मी आमच्या ओळखीच्या एका मराठी कुटुंबातल्या पाच वर्षांच्या मुलाला सांगितली. त्यानं शांतपणे विचारलं, ‘मग वॅइनॅमोइनेननं का मारलं त्याला? अस्वलानं शपथ मोडली होती का?’ उत्तर आहे. पोह्योलाची मालकीण लोउही हिनं त्या अस्वलाला कालेवाच्या गाईगुरांवर सोडलं होतं. ते मी सांगितलं. त्यावर ‘मग लोउहीला का नाही मारलं?’ आला. मेजवानीच्या शेवटी वॅइनॅमोइनेन अस्वलाचे दातही काढून घेतो, हे त्याला सांगायचा धीर मला झाला नाही.

ती आणखी एका ठिकाणी दिसते, अगदी क्षणभर. एकेचाळिसाव्या सर्गात वॅइनॅमोइनेन कान्तेले हे तंतुवाद्य वाजवतो आणि सगळी सृष्टी ऐकायला येते. तापिओ आपली माणसं घेऊन टेकडीवर चढतो. अरण्याची मालकीण निळे मोजे चढवते, लाल बंद बांधते, आणि भूर्जाच्या वाकलेल्या खोडावर जाऊन बसते. बास, एवढंच. मैफलीला जाताना काय घालायचं याचा विचार करणारी देवता मला एकदम ओळखीची वाटते.

हल्ली तिचं नाव जगात दुसऱ्याच वाटेनं फिरतं. ‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’ या अमेरिकी खेळानं फिनिश देवता उचलल्या, त्यांत मिएलिक्कीही गेली, आणि त्यातल्या एका काल्पनिक जगात ती अरण्याची देवी म्हणून अजून कार्यरत आहे. शुक्रावरच्या एका पर्वताचं नाव मिएलिक्की आहे; त्या ग्रहावरच्या ठिकाणांना बायकांची आणि देवींची नावं द्यायचा संकेत आहे. थोडक्यात, आज ती शुक्रावर सापडेल, खेळात सापडेल, तापिओलाच्या पाळणाघरात सापडेल याची मात्र खात्री नाही. सरकारी नोंदणी खात्याच्या संकेतस्थळावर कुठलंही नाव टाकलं की ते किती जणांना आहे, कोणत्या काळात दिलं गेलं ते दिसतं. माझं नाव तिथं टाकलं तर संख्या इतकी बारीक निघते की खातं ती नेमकी सांगतही नाही.

हे सगळं मी आत्ता लिहायला बसले त्याला एक निमित्त आहे. आमच्या शेजारच्या इमारतीत राहणाऱ्या सांगलीकडच्या जोडप्याला गेल्या महिन्यात मुलगी झाली. दोन्हीकडे चालेल असं नाव त्यांना हवं आहे. अशी नावं आहेत. अनू इथंही आहे, तिथंही आहे. वीरा हे अस्सल फिनिश वाटावं इतकं इथं रुळलेलं आहे. पहिल्या नावावर त्यांचं जवळजवळ ठरलं आहे. घोडं अडलं आहे ते मधल्या नावावर.

फिनलंडमध्ये मुलाला जास्तीत जास्त चार नावं देता येतात, २०१९ पासून; त्याआधी तीन. ही सगळी त्या मुलाची स्वतःची नावं. आपल्याकडे मधली जागा ठरलेली असते, ती बापाची. त्यामुळे इथल्या कागदपत्रांत मराठी मुली हमखास संजय नाहीतर सचिन असतात, आणि बालतपासणी केंद्रातली नर्स विचारते, हिचं दुसरं नाव संजय, त्याचा अर्थ काय? मग खुलासा करावा लागतो. त्या मुलीच्या आईनं हा खुलासा मोठ्या मुलाच्या वेळी इतकेदा केला आहे की या वेळी ती म्हणाली, मधल्या जागेत तिचं असं काहीतरी ठेवू या.

मी मिएलिक्की सुचवलं. किल्ल्यांची आणि अस्वलाच्या दातांची गोष्ट सांगितली. आईला आवडलं. बाप म्हणाला, मला चालेल, पण तापिओलाच्या बाजारात कोणी हसणार नाही ना? मी बाईंना विचारून सांगते म्हटलं. बाई म्हणाल्या, हसतील, पण म्हातारी माणसं हसतील, आणि ती आम्ही फार दिवस नाही.

सांगलीच्या आजींना व्हिडिओ कॉलवर नाव सांगितलं तेव्हा त्यांनी ते दोनदा म्हणून पाहिलं आणि पहिल्याच फटक्यात बरोबर म्हटलं. मग विचारलं, ‘आणि बापाचं नाव कुठं गेलं?’ त्यावर अजून घरात चर्चा चालू आहे. नाव कळवायला इथं जन्मापासून तीन महिने मिळतात.